थोरला कोण?

चहा निवू दे, आधी आमच्या नेसरीकडच्या बाबू-सदूचं ऐका. जुळे भाऊ, आता साठीचे. पण 'थोरला मीच' हे भांडण पाळण्यापासनं. लग्नात पहिला फेटा कुणाला बांधायचा, यावरून वरात दोन तास खोळंबलेली!

पुढं बाप गेला आणि दोघं रानावरून कोर्टात गेले. विहिरीचा तुकडा दोघांनाही पाहिजे. खालच्या कोर्टात वकिलांची पोरं शिकून मोठी झाली. अपिलात जज्जसाहेब कंटाळून म्हणाले, "तडजोड करून या." पंच म्हणून दोघांनी मला धरलं. बोक्याकडं दुधाची राखण!

मी गंभीर तोंड करून म्हणालो, "रीत ठाऊक हाय न्हवं? थोरल्यानं वाटे पाडायचे, धाकट्यानं आधी उचलायचा. बोला, थोरला कोण?"

दोघांनी मनातल्या मनात हिशेब केला. मग बाबू हळूच म्हणाला, "थोरला ह्योच की. टक्कल बघा त्याचं."

सदू उसळला, "न्हाय न्हाय, दादा, तुमीच थोरले! मी लेकरू तुमचं!"

दोघं एकमेकांच्या पाया पडायला लागले. शेवटी आईला विचारलं. तिचंही नाव सातबाऱ्याला होतंच. ती पान चघळत म्हणाली, "घरात थोरली मी हाय अजून. मीच पाडते वाटे."

म्हातारीनं तीन वाटे पाडले आणि विहिरीचा स्वतःच उचलला.

सदू ओरडला, "आई, पाडणाऱ्यानं शेवटी उचलायचं असतंय!"

"व्हय? मग जा, कर अपील आईवर."

दोघांनी मुकाट सह्या केल्या.