शारजातला नवरा

...नाही, मला सांगा, ही काय कथा झाली? मोबाइल उघडला, पहिल्या ओळीत दार वाजलं, दुसऱ्या ओळीत सगळं आटोपलं! अहो, निदान पाऊस तरी पाडा, कॉफी तरी टाका! आमच्या वेळची ती पिवळ्या वेष्टणातली चावट मल्याळम पुस्तकं... बाई नुसती विहिरीवर पोचायला चार-सहा पानं जायची! लेखक म्हणून बाईचं नाव, आणि लिहिणारा कुणीतरी मिशीवाला बाप्या. मला तेव्हापासून संशय होता.

तुम्हाला सांगतो, शारजाला आमच्या खोलीत ही पुस्तकं केळ्याच्या वेफर्सच्या डब्यातून यायची. कुणी सुट्टीवरून परतला की आधी डबा, मग घरची पत्रं! एकदा एका नव्या पुस्तकाला माझा नंबर लागला. वाचतोय, वाचतोय... आमच्याच चंगनाशेरी गावची बाई, दारात फणस, निळं फाटक, नवरा गल्फात, मासळीवाला भोंगा वाजवत आत येतो आणि कुत्रा भुंकत नाही... थांबा! निळं फाटक? फणस? गल्फातला नवरा? अरे, हा तर मी! इतकी वर्षं मी मासळीवाल्याच्या बाजूने वाचत होतो हो! येणार की नाही संशय?

नोकरी गेली तरी बेहत्तर म्हणत निघालो, तेही न कळवता! आमच्याकडे गल्फवाला न कळवता येतो का कधी? अख्खं खानदान जीप करून विमानतळावर येतं. मी एकटा टॅक्सीतून उतरलो तर शेजारी कुजबुज, 'कुरुविलाला हाकललं वाटतं!' फाटक उघडतो तर आमचाच कुत्रा कैसर माझ्यावर तुटून पडला, आणि मागून मासळीवाला सकाळचे पैसे घ्यायला आला, बोळका म्हातारा, तर त्याच्यापुढे शेपूट हलवतोय! संशय वाढला.

बायको, एलियाम्मा, अंगणात तारल्या साफ करत बसलेली. आमच्याकडे 'अहो'ला 'इच्चाया' म्हणतात. मान वर न करता म्हणते, "इच्चाया, ते निळ्या फाटकाचं पुस्तक वाचून आलात ना?"

मी गार! "तुला कसं कळलं?"

"शेजारच्या शोशाम्माचा नवराही परवा असाच टपकला. अहो, या रस्त्यावर सगळीच फाटकं निळी आहेत! आणि त्या पुस्तकात सासू आहे का कुठे? माझ्याकडे आहे. पहाटेपासून त्या पायरीवर!"

तेवढ्यात पायरीवरून माझी अम्मच्ची, म्हणजे आई, ओरडली, "कोण आलाय गं? त्याला सांग, आजची मासळी घेतली!"

मेल्याहून मेल्यासारखं झालं हो.

आता मी कायमचा घरी. अम्मच्ची गेली, कैसर गेला, फाटक स्टीलचं झालं. आणि परवा बघतो तर एलियाम्मा चष्मा लावून मोबाइलवर काहीतरी वाचतेय, गालातल्या गालात हसतेय. संशय येणार ना?

"काय वाचतेस?"

"गोष्ट."

"तसली?"

"तसलीच."

"मग... नवरा कुठे असतो त्यात? गल्फात?"

चष्म्यावरून बघत म्हणाली, "इच्चाया, नव्या गोष्टींत नवरा नसतोच. लागत नाही."

घ्या! शारजात का होईना, पूर्वी आम्ही गोष्टीत तरी होतो हो...