सोडतानाची आरोळी

धाकटी : उद्यापासून मी मैदानात उभी राहणार नाही, एवढंच म्हटलं. त्यात रुसायला काय झालं?

ताई : रुसले कुठे? विचारतेय. शाळेत होतीस तेव्हापासून मी फेकलेला हातोडा पडला की तिथे खुंटी रोवतेस, हातोडा उचलून परत आणतेस. आज एकदम राणीसाहेबांना कंटाळा आला. तोही परवा निवड चाचणी असताना.

धाकटी : कंटाळा नाही आला.

ताई : मग ऊन लागलं असेल. नाजूक बांधा तुझा.

धाकटी : चेष्टा नको ताई. तू घाबरलीस की चेष्टा करतेस, एवढं कळतं मला.

ताई : ते फडकं दे इकडे. हातोड्याच्या गोळ्याची माती तशीच ठेवलीस. आणि ही तार बघ, ताणली गेलीय. तरीच आज हातोडा भलतीकडे जात होता.

धाकटी : तारेला काही झालेलं नाही. सकाळी चहाचं पातेलं कशानं उतरवलंस?

ताई : हातानं. पायानं उतरवतात का?

धाकटी : पकड शेजारी पडली होती. डाव्या हाताच्या शेवटच्या दोन बोटांना टरारून फोड आलेत, आणि तू आपली आईशी गप्पा मारत उभी. तोंडातून साधं हाय निघालं नाही.

ताई : जन्मभर हातोडा फेकलेली बोटं आहेत ती. कातडी गेंड्याची झालीय.

धाकटी : गेंड्यालाही चटका कळतो. खरं सांग मला.

ताई : काय सांगू? नाही कळत. थंडी संपता संपता सुरू झालं. दोन बोटं झोपल्यासारखी असतात. डॉक्टर म्हणाले मानेतली नस दबलीय. झालं समाधान?

धाकटी : सरांना सांगितलंस?

ताई : सांगितलं असतं तर फेकीच्या जाळीत पाऊल ठेवू दिलं असतं का त्यांनी? ही चाचणी हुकली की माझं संपलं गं. पुढच्या वेळी पोरी मला मावशी म्हणून हाक मारतील. इथे सगळी पदकं मिळवून झाली, आता एकदा तरी बाहेरच्या मोठ्या मैदानावर उतरायचंय. त्यासाठीच तर सगळं बाजूला ठेवलं. तुला नवरा आहे, नोकरी आहे. मला गोल फिरता येतं, बास.

धाकटी : फिरतेस मात्र सुंदर.

ताई : मग राहा की उभी. एका दिवसाचा तर प्रश्न आहे.

धाकटी : तू सोडताना आरोळी ठोकतेस ना, ती.

ताई : तिचं काय?

धाकटी : मी तुझ्याकडे कधी बघतच नाही. पाठ करून खुंट्या काढत असते. आरोळी आली की कळतं, सुटला. आखूड आली तर डावीकडे पडणार, लांबली तर मधोमध. त्याप्रमाणे बाजूला सरकायचं की झालं.

ताई : अक्कल गहाण टाकलीस का? किती वेळा सांगितलं, वर बघत जा म्हणून.

धाकटी : तू कधी चुकलीच नाहीस, मग कशाला बघू? आज दुपारी चांगली लांब आरोळी आली. म्हटलं, मधोमध. मी डावीकडे सरकून निवांत उभी राहिले. पण हातोडा तुझ्या हातातच होता ताई. तुला वाटलं सोडला. बोटांनी सोडलाच नव्हता.

ताई : उशिरा सुटला.

धाकटी : आणि डावीकडे आला. तेवढ्यात माझी टोपी उडाली, मी तिच्यामागे धावले. पाठीमागे धप्पकन आवाज झाला. वळून बघते तर मी उभी होते तिथे गोळा जमिनीत रुतलेला.

ताई : तू तर हसत हातोडा घेऊन आलीस.

धाकटी : रडत येऊ? तू तिकडून विचारत होतीस, कितीवर गेला म्हणून.

ताई : लांब गेला म्हणालीस.

धाकटी : लांबच गेला होता.

ताई : इकडे ये. माझ्याजवळ बस. देवा रे, मी तुला मारून टाकलं असतं गं.

धाकटी : नाही ना मारलंस. पाणी देऊ?

(सामानाच्या खोलीच्या दारात सर येऊन उभे राहतात.)

सर : आज लवकर आटोपलंत वाटतं. निवड समितीच्या लोकांना भेटूनच येतोय. परवा एक फेक मनासारखी पडली की काम फत्ते. काय चॅम्पियन, हात काय म्हणतोय?

धाकटी : मजेत आहे, सर.

सर : तिला विचारलं मी. पण असू दे, तूच सांग. हिची फेक तुझ्याइतकी मीसुद्धा बघितलेली नाही. हातोडा नीट सुटतोय ना?

धाकटी : सुटतोय.

सर : मधोमध?

धाकटी : अगदी मधोमध. तुम्ही बिनघोर राहा.

ताई : सर, ही खोटं बोलतेय.

धाकटी : ताई, गप्प बस.

ताई : माझी दोन बोटं बधिर झालीत, आज हातोडा हिच्या डोक्यातच बसायचा. टोपी उडाली म्हणून वाचली. आणि माझ्यासाठी तुमच्या तोंडावर सांगतेय, मधोमध.

धाकटी : दमलीय ती, सर. परवा मैदानात पंच असतात, ते डोळे उघडे ठेवून उभे राहतात. माझ्यासारखे पाठ करून नाही. एकदा टाकू दे ना तिला. एवढं केलंय तिनं.

सर : बोटं बघू. हं. आणि हे मला आज कळतंय.

ताई : तुम्ही थांबवलं असतंत.

सर : काय माहीत. परवापर्यंत कळ काढ, असंही म्हणालो असतो. मीही हावरटच आहे पोरी. आत्तासुद्धा मनात येतंय, पट्टी आवळून बांधली तर एखादी फेक निघेल.

धाकटी : निघेल, सर. उद्याच्या सरावाला मी उभी राहते. वर बघत उभी राहते, शपथ.

ताई : तू कुठेही उभी राहणार नाहीस. पंचांनाही घरी बायकापोरं असतात.

सर : विचार करून बोल. परवा नाही उतरलीस, तर पुन्हा कोणी बोलावणार नाही.

ताई : माहीत आहे. रात्री घरी गेले की ढसाढसा रडेन त्यासाठी. आत्ता नको.

सर : मग समितीला काय कळवू? खांदा दुखावला म्हणू? चारचौघांत बरं दिसेल.

ताई : खांदा ठणठणीत आहे. सांगा, हातातून कधी सुटतं ते तिला कळेनासं झालंय.