गौरींनी मोडलेली सलग दोन वर्षं

आता मला सांगा, बायको सोडून गेली की नवरा सोडलेला धरायचा की नाही? तुम्ही म्हणाल, धरायचा. कायदा म्हणतो, थांबा, नुसतं जाऊन भागत नाही, दोन वर्षं जायला पाहिजेत, सलग, मध्ये खंड पडता कामा नये! तुम्हाला सांगतो, आमच्या नेरूळच्या सोसायटीत लिफ्ट दोन दिवस सलग चालत नाही, आणि इथे दोन वर्षं सलग भांडण चालवायचं...

झालं काय, मी रिटायर झालो. तळोज्याला कंपनीत स्टोअरकीपर होतो, सत्तावीस वर्षं. घरी बसून करणार काय? तर स्वयंपाकघरातल्या डब्यांना नंबर लावले, भिंतीवर तक्ता टांगला, आणि सुचित्राला, म्हणजे आमच्या मिसेसना, एवढंच म्हणालो की सात नंबरमधली हळद काढलीस तर तक्त्यावर सही करत जा. तिनं तक्ता वाचला, बॅग भरली आणि उलव्याला आम्ही फ्लॅट घेऊन ठेवलाय तिथे गेली. जाताना म्हणाली, "स्टोअर सांभाळा." दिवस कुठला, तर गौरी-गणपती आटोपल्यानंतरचा सोमवार.

चार महिने वाट बघितली, मग चिडलो, आणि बेलापूरला राजलक्ष्मी वकीलबाईंकडे गेलो. त्या चष्मा पुसत म्हणाल्या, परित्याग आहे, त्यावर घटस्फोट मिळेल, पण गेल्या त्या दिवसापासून मोजा. दोन वर्षं, सलग! ठीक आहे. कॅलेंडरवर रोज एक फुली. मागच्या चार महिन्यांच्या धरून अकरा महिन्यांच्या फुल्या झाल्या... आणि भाद्रपद आला.

आता आमच्या गौरी, रीत कोकणातली, पण बसतात नेरूळच्या घरी. त्या घरच्या सुनेनंच आणायच्या, आईनं तो मान हिच्याकडे दिलेला. मी म्हटलं, मुखवटे उलव्याला घेऊन जा. तर फोनवर म्हणते, "अहो, गौरी मूळ घर सोडत नाहीत." आणि तू? हे मी मनात म्हटलं हां. आली, तीन दिवस राहिली. पहिल्या दिवशी भाजी-भाकरी, दुसऱ्या दिवशी घावन-घाटलं, मी समोर बसून सात घावनं खाल्ली, खोटं कशाला बोलू, बरं वाटलं. तिसऱ्या दिवशी गौरी गेल्या, त्यांच्या मागोमाग हीसुद्धा गेली. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. एका घरात राहिलात? एका पंगतीला जेवलात? समोरचा वकील हेच धरणार. मोजा पहिल्यापासून. दोन वर्षं, सलग! पुढच्या भाद्रपदात परत तेच. अहो, कायदा दोन वर्षं मागतो आणि गौरी दरवर्षी येतात, हे गणित सुटणार कसं?

यंदा मी डोकं चालवलं. ती येणार त्या सकाळी मीच घराबाहेर पडलो, कुणाला न सांगता. घणसोली गावात बाबासोच्या खोलीवर. जुना दोस्त, साताऱ्याकडचा, मार्केटात माथाडी आहे. एका छपराखाली राहिलोच नाही तर खंड पडेल कसा? तीन दिवस वडापाव खाल्ला. तिसऱ्या दिवशी बाबासो म्हणाला, "वैनी घरात, गौरी घरात, आन् तुमी हितं माज्या खाटंवर. मंग सोडून कोन गेलं?"

मी म्हटलं, तुला कायदा कळत नाही. आणि मोठ्या ऐटीत वकीलबाईंना फोन लावला. तर त्या ओरडल्याच की हो! घर तुम्ही सोडलंत? न सांगता? नंदकुमार, आता परित्याग तुमचा धरतील! म्हणजे मोजायची कुणी? तिनं. दोन वर्षं, सलग...

फोन ठेवतोय तोच सुचित्राचा फोन. "गौरी गेल्या. मी आहे. तुमच्या वाटचं घावन झाकून ठेवलंय. आलात तर तुमची दोन वर्षं बुडाली, नाही आलात तर माझी सुरू झाली. काय ते बघा."

हिला कायदा कुणी शिकवला, देव जाणे. पण तुम्हाला सांगतो, तीन वर्षांत पहिल्यांदा ती 'मी आहे' म्हणाली.

निघालो. नेरूळला दारात चपला काढतोय तर परत वकीलबाईंचा फोन, आत गेला नाहीत ना अजून? म्हटलं, मॅडम, आजची तारीख लिहून घ्या, पहिल्यापासून मोजू. फक्त पेनानं नको... पेन्सिलीनं लिहा.