खिडकीतला समुद्र

आष्टीच्या बसस्थानकात माझ्या शेजारी एक म्हातारं जोडपं बसलं होतं. आजींनी मुंबईच्या लेकीला व्हिडिओ कॉल लावला.

“अक्षे, तुह्या खिडकीतला समुंदर दाखव.”

“हा बघ माय, आज तीन जहाजं आलीत.”

“बराबर दिसून राह्यली. ठेव आता.”

फोन बंद झाल्यावर आजोबा जरा घुटमळले.

“चांगुणा, पोरीनं सांगू नका म्हणलं व्हतं. तिच्या खिडकीसमोर तीस मजली इमारत झाली. ती रोज बंदरापर्यंत चालत जाऊन तुला समुंदर दाखवती.”

“म्हाईत हाय मला. खिडकीत उभं राहून कुणाला धाप लागती का?”

“मंग रोज कामून मागती?”

“दिसभर एकटी कम्प्युटरपुढं बसून असती. मी समुंदर न्हाई मागितला, तर घराबाहेर कव्हा पडंल?”