पाण्याबरोबर पापड

अंबरनाथच्या रेशनच्या रांगेत कुमुदिनीला पुढे सरकायचं भानच राहिलं नाही. नववीतली पोर, कान मुळातच तिखट, आणि पुढचं जोडपं ऐन रंगात आलेलं.

“नोकरी मिळाली म्हणता, मग तोंड का असं?”

“कॅम्प तीनच्या त्या सिंधी कापडवाल्या शेटनं आधी नाहीच म्हटलं होतं. मी उठणार, तेवढ्यात त्याच्या आईनं पाणी आणि भाजलेला पापड आणून ठेवला.”

“बरं, मग?”

“मग काय? पापड आला म्हणजे मागून पान येणारच. न जेवता उठलो तर म्हातारीला वाईट वाटेल, म्हणून बसलो.”

“अहो, सिंध्यांच्यात आल्यागेल्याला पाण्याबरोबर पापडच देतात. आपला चहा, तसा त्यांचा पापड.”

“हे तू आत्ता सांगतेस. मी दोन तास बसलो. दुसरा पापड आला, तोही खाल्ला.”

“अगंबाई. आणि शेट?”

“म्हणाला, ‘हम ना बोला, फिर भी तू हिला नहीं. ऐसा जमके बैठनेवाला आदमी दुकान में चाहिए. सोमवार से आ जा.’”

“त्याला खरं काय ते सांगितलंत?”

“सांगणार होतो. पण चार महिने घरी बसून काढलेत, ते आठवलं.”

“मग आता सांगूही नका.”

“नाही सांगत. सोमवारी डब्यात काय देशील?”

“डबा नाही. पोट भरलं की तुम्ही लगेच उठता.”