सत्काराला चादरी कमी पडल्या

(सोलापूर. सत्कार आटोपून रिकामं झालेलं सभागृह, दुपार. कलावंत सरफराज आणि कलामंडळाचे सचिव बाळासो.)

बाळासो : कापलं म्हणजे काय, सर, एकदम सरळ कापलं. टेलरची कात्री होती.

सरफराज : मेहरबानी. वाकडं कापलं असतं तर वाईट वाटलं असतं.

बाळासो : अहो, पाहुणे ठरलेले सहा, मंचावर चढले अकरा! सोलापुरात पाहुणा चादरीशिवाय खाली उतरला, तर मंडळानं तोंड कुठं दाखवायचं? वर बघितलं, तर मागं एवढं लांब कापड लोंबतंय. आम्हाला वाटलं, पडदा.

सरफराज : पडदा कापतं का कुणी?

बाळासो : जुना वाटला. रंगाला रंगाचा मेळच नव्हता की.

सरफराज : तोच माझा प्रयोग होता. मी आत तोंडाला रंग लावत बसलो होतो. बाहेर आलो तर नुसती भिंत.

बाळासो : मग सांगायचं की आधी! तुम्ही नक्की करता काय, हे गावात कुणाला ठाऊक आहे?

सरफराज : तरी सत्कार केलात.

बाळासो : म्हणून तर ‘बहुआयामी कलारत्न’ लिहिलं. कळलं नाही की आम्ही बहुआयामी लिहितो.

सरफराज : बरोबर आहे. चित्रकार मला नट समजतात, नट विणकर समजतात. एमआयडीसीतले विणकर म्हणतात, मियाँ, डाक्टरला दाखवा.

बाळासो : पण होतं काय एवढं त्या कापडात?

सरफराज : अम्मीचं बोलणं. जन्म कारखान्यात गेला, मागाच्या खडखडाटात. त्यामुळं घरीपण ओरडूनच बोलायची. ते मी टेप केलं आणि विणलं. आवाज चढला की लाल सूत, उतरला की काळं, गप्प बसली की पांढरं. टेप लावायची, आणि मी कापडावर बोट ठेवत तिला उत्तरं देत चालायचं.

बाळासो : टेप आहे की मग! दुसरं विणा.

सरफराज : ज्या मागावर विणलं, तो कारखान्याच्या मालकानं भंगारात घातला. आणि बंगळूरच्या प्रदर्शनाची गाडी परवा येतेय. साठीत आलेलं पहिलं बोलावणं.

बाळासो : एक तुकडा तुमच्याही खांद्यावर आहे, सर.

सरफराज : हो. माझीच अम्मी मला पांघरलीत आणि टाळ्या वाजवल्यात. मी वाकून नमस्कारपण केला.

बाळासो : शिवून देतो. आमचा टेलर लई हुशार. जोड दिसणार नाही.

सरफराज : बाकीचे तुकडे?

बाळासो : एक बार्शीला गेला, एक मंद्रूपला. एकानं तर इथंच गाडीच्या शिटेवर घातला.

सरफराज : इतक्या वर्षांत माझं काम कुणी फुकटसुद्धा घरी नेलं नव्हतं. लावा फोन. स्पीकर चालू करा.

बाळासो : मंद्रूपचा लावतो. हॅलो, चनबसप्पा? ती सत्काराची चादर परत पाहिजे. चुकून दिली.

चनबसप्पा : आत्ता? आव, आल्या आल्या आईच्या अंगावर घातली की. ताप हाय तिला, कशानंच ऊब येईना झालती. आत्ता कुटं डोळा लागलाय.

सरफराज : रंग कुठला आहे तुमच्या तुकड्यावर?

चनबसप्पा : रंग व्हय? सगळा लालच हाय. पांढरं न्हाय कुटंच. काढून घिऊ का?

बाळासो : लाल म्हणजे काय, सर?

सरफराज : शिव्या. हा नाद सोड, पोटापाण्याचं बघ म्हणून.

बाळासो : मग? काढायला सांगू?

सरफराज : नको. बार्शीचा लावा.