हिरवं लुगडं

वाकोल्याच्या बस स्टॉपवर माझ्यापुढे दोघी उभ्या होत्या. थोरली घाटकोपरला परत निघालेली, भावजय तिला सोडायला आलेली.

"प्रेमा, वर्षश्राद्ध झालं. आता आईच्या लुगड्यांचं बोचकं दे मला. गोधडी शिवून घेते."

"लुगडी बोहारणीला दिली, वन्सं."

"सगळी?"

"सगळी. वर्षभर माळ्यावर पडून होती."

"हिरवं पण? माझ्या लग्नात नेसली होती ती."

"हिरव्याचे काठ धड होते, म्हणून तर बोहारीण डबा द्यायला तयार झाली."

"एका स्टीलच्या डब्यासाठी माझी आई विकलीस तू."

"आईंना दोन महिने घाटकोपरला न्या, म्हणून किती वेळा सांगितलं मी तुम्हाला? तुम्ही म्हणालात, एका खोलीत जागा कुठाय."

"नव्हतीच जागा."

"मग गोधडी कुठे ठेवणार होतात?"

थोरलीने हातातली पिशवी दुसऱ्या हातात घेतली.

"केवढा डबा मिळाला?"

"तुमच्या पिशवीत आहे ना. श्राद्धाचे वडे भरून दिलेत, तोच. बस आली, चढा. वडे संपले की डबा परत पाठवा."